जोडप्यांसाठी मेसेजवरचे खेळ: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

लोक पुन्हा पुन्हा विचारतात ते प्रश्न इथे एकत्र केले आहेत. आधी सोपे, मग अवघड. बहुतेक उत्तरांमागे माझी एकच कसोटी आहे, ती आधीच सांगते: उत्तर तीन तासांनी आलं तरी ज्याची मजा जात नाही, तोच मेसेजवरचा चांगला खेळ.

१. मेसेजवरचा खेळ म्हणजे नक्की काय? आम्ही तसंही दिवसभर बोलतच असतो.

दिवसभरातले बहुतेक मेसेज कामाचे असतात. निघालास का, बिल भरलं का, किती वाजेपर्यंत येशील. खेळात काम नसतं. त्याला एक छोटासा नियम लागतो, आता राज्य कोणावर आहे हे दोघांना ठाऊक असावं लागतं, आणि 'आज नको' म्हणायची मोकळीक लागते. ही तिसरी गोष्ट लोक विसरतात. लहानपणी खेळताना मूठ वर करून 'टाइम प्लीज' म्हटलं की पळापळ थांबायची आणि कोणी कारण विचारायचं नाही. मेसेजवरही हेच दोन शब्द ठरवून घ्या. पुढे बऱ्याच उत्तरांत ते उपयोगी पडतील.

२. यानं नात्यात खरंच काही फरक पडतो का, की नुसता वेळ जातो?

मेसेजवरच्या खेळांनी नातं टिकतं असं छातीठोकपणे मी सांगणार नाही. पण जवळचं एक निरीक्षण सांगते. मानसशास्त्रज्ञ जॉन गॉटमन यांनी नवविवाहित जोडप्यांचं रोजचं बोलणं बारकाईनं पाहिलं. 'तो पक्षी बघ' यासारख्या साध्या वाक्यातही लक्ष मागणारी एक हाक असते, असं ते मानतात. सहा वर्षांनी जी जोडपी एकत्र होती, ती अशा हाकांना १०० पैकी ८६ वेळा प्रतिसाद देत होती. जी विभक्त झाली होती, त्यांचा आकडा ३३ होता.

खेळातला प्रत्येक मेसेज अशीच एक हाक असते, आणि तिला ओ देणं सोपं असतं. काय बोलावं हा प्रश्नच उरत नाही, कारण राज्य आपल्यावर आलेलं असतं.

३. 'चल, खेळू या' म्हणायला अवघडल्यासारखं होतं. सुरुवात कशी करू?

घोषणा करू नका, सरळ पहिली चाल खेळा. "आज माझा दिवस कसा गेला असेल ते तीन शब्दांत ओळख" एवढा मेसेज पाठवा. समोरच्याला नियम समजावून घ्यावा लागत नाही, उत्तर चुकलं तरी बिघडत नाही, आणि खरं उत्तर सांगायच्या निमित्तानं तुमचा दिवसही सांगून होतो.

एक इशारा मात्र देते. 'माझा आवडता रंग कोणता?', 'आपण पहिल्यांदा भेटलो ती तारीख सांग' हे खेळ वाटतात, पण असतात परीक्षा. उत्तर आलं तर त्यात विशेष काही नाही, नाही आलं तर तक्रार तयार. असे प्रश्न सुरुवातीला तर नकोतच.

४. पहिल्या आठवड्यात सहज जमतील असे खेळ सुचवा.

नाव-गाव-फळ-फूल घ्या आणि त्याचे रकाने बदला. अक्षर एक, रकाने तुमचे: आठवण, जागा, तक्रार, स्वप्न. 'प' आला तर आठवणीत 'पावसात बंद पडलेली गाडी' येईल, तक्रारीत 'पसारा'. मला हा खेळ फार आवडतो. तक्रारीचा रकाना हलक्या हातानं भरला जातो आणि एरवी कधी न बोललेली गोष्ट सहज बाहेर येते.

दोन खरं, एक खोटं. आज घडलेल्या तीन गोष्टी सांगायच्या, त्यातली एक बनवलेली. रहस्य असं की खऱ्या गोष्टी विचित्र निवडायच्या आणि खोटी अगदी साधी ठेवायची.

'हे की ते?' मात्र लवकर शिळा होतो. समुद्र की डोंगर, दोनदा विचारून संपतो. 'भूतकाळात एक दिवस जायचं की भविष्यात? आणि कुठला दिवस?' असं शेपूट जोडलं तर त्यात जीव येतो.

५. मराठीत टाइप करून शब्दांचे खेळ जमतात का? इंग्रजी खेळांचे नियम लावले की गोंधळ होतो.

जमतात, आणि इंग्रजीपेक्षा जास्त रंगतात. फक्त नियम आपल्या लिपीचे हवेत. इंग्रजीत एक खूण म्हणजे एक अक्षर. आपल्याकडे अक्षरावर काना, मात्रा, वेलांटी बसते आणि जोडाक्षरं तयार होतात. 'प्रेमपत्र' हा शब्द आपल्या डोळ्यांना चार अक्षरांचा आहे, पण फोन त्यातला प्रत्येक सुटा भाग वेगळा धरतो आणि नऊ मोजतो. म्हणून मोजणी नेहमी डोळ्यांची धरायची, फोनची नाही.

शब्दसाखळी, म्हणजे भेंड्यांची पद्धत: शेवटच्या अक्षराचं फक्त व्यंजन घ्यायचं, मात्रा सोडून द्यायची. 'वाटी' आली की पुढचा शब्द 'ट' पासून, मग तो टोपी असो की टिकली. 'चंद्र' आला की 'द्र' न घेता 'र' घ्यायचा. 'ळ' आणि 'ण' यांचं आधीच ठरवा, नाहीतर तिसऱ्या डावात भांडण होईल. 'ळ' पासून मराठीत शब्दच सुरू होत नाही आणि 'ण' ची अवस्थाही जवळपास तशीच आहे. रूढ तोड अशी की 'ळ' ऐवजी 'ल' आणि 'ण' ऐवजी 'न' घ्यायचा. कसलेले खेळाडू असाल तर ही सवलत काढून टाका. मग 'कमळ' हा हुकमी एक्का होतो.

रिकाम्या जागा भरून शब्द ओळखणं: अक्षर तितक्या रेघा. 'खिडकी' साठी तीन. समोरच्यानं 'क' विचारला तर 'की' संपूर्ण उघडायची, वेलांटीसकट. वेलांट्यांचा वेगळा अंदाज करायला लावला तर खेळ रटाळ होतो, हे मी करून पाहिलं आहे.

उलटे शब्द: अक्षरं मात्रांसह उलटी वाचायची आणि अर्थ लागला पाहिजे. हवा उलटली की वाह. सदा उलटला की दास. नदी उलटली की दीन. एकानं शब्द पाठवायचा, दुसऱ्यानं तो उलटून अख्खं वाक्य करायचं. 'चिमा काय कामाची' किंवा 'रामाला भाला मारा' यांसारखी दोन्हीकडून सारखी वाचता येणारी वाक्यं आपल्या भाषेत जुनी आहेत. एखादं नवं रचता आलं तर आठवडाभराचं राज्य माफ करावं, इतकं ते अवघड आहे.

जोडीदार मराठी रोमन लिपीत टाइप करत असेल तर शब्दसाखळी खेळू नका. 'ट' आणि 'त', 'ड' आणि 'द' तिथे एकच दिसतात.

६. इमोजींचे खेळ पोरकट वाटतात. मोठ्यांना मजा येईल असं काही आहे का?

म्हणी ओळखायला लावा. घडा आणि थेंब पाठवले की 'पालथ्या घड्यावर पाणी'. नाचणारी बाई, घर आणि वाकडा बाण म्हणजे 'नाचता येईना अंगण वाकडे'. म्हण जितकी अमूर्त तितकी मजा जास्त, कारण मग चित्र शोधायला डोकं लावावं लागतं.

त्याहून चांगला प्रकार म्हणजे दिवसाची चित्रलिपी: आपला अख्खा दिवस पाच इमोजींत पाठवायचा आणि समोरच्यानं त्याची गोष्ट लिहायची. शिगेताका कुरिता यांनी १९९९ साली जपानी फोनसाठी १७६ चित्रांचा जो संच केला, त्यात हवामान, वाहनं, वेळ अशी कामाची चित्रं भरपूर होती. तुम्हीही चेहऱ्यांवर बंदी घाला आणि फक्त वस्तू वापरा. चेहऱ्यांनी उत्तर फुकट कळतं.

७. दोघांनी मिळून गोष्ट लिहायची तर दोन दिवसांत ती भरकटते. काय चुकतं?

बहुधा दोघंही गोष्ट पुढे ढकलत राहता आणि आधीचं कोणी उचलत नाही. एक नियम करा: प्रत्येक वाक्यात आधीच्या वाक्यातली एक वस्तू पुन्हा यायलाच हवी. आधीच्या वाक्यात छत्री असेल तर तुमच्या वाक्यातही छत्री हवी, मग भले ती उडून जाऊ दे. दिवसाला प्रत्येकी एकच वाक्य. आमची अशीच एक गोष्ट चार महिने चालली होती. तिच्यातला दीपगृहाचा रखवालदार आजही आमच्या बोलण्यात येतो.

भरकटणंच आवडत असेल तर उलट टोक गाठा. १९२५ च्या सुमारास पॅरिसमधले अतिवास्तववादी कलावंत कागद दुमडून एक खेळ खेळत. प्रत्येकानं आधीचा मजकूर न बघता आपला शब्द लिहायचा आणि शेवटी कागद उलगडायचा. मेसेजवर त्यासाठी अशी वाटणी करा: एकानं 'कोण' आणि 'कुठे' ठरवायचं, दुसऱ्यानं 'काय केलं' आणि 'का'. दोघांनीही आपापलं आधी लिहून ठेवायचं, मग एकदम उघड करायचं. एकदम कसं, ते प्रश्न ९ मध्ये आहे.

८. 'वीस प्रश्न' आमच्याकडे कधीच सुटत नाही. वीस कमी पडतात का?

एकानं मनात एक गोष्ट धरायची आणि दुसऱ्यानं वीस प्रश्नांत ती ओळखायची, यासाठी वीस भरपूर असतात. हो-नाही उत्तराचा प्रत्येक चांगला प्रश्न शक्यता निम्म्या करतो. वीस वेळा निम्म्या करत गेलात तर १०,४८,५७६ गोष्टींमधून एक नेमकी सापडते. अडचण प्रश्नांच्या जातीत असते. 'ती उशी आहे का?' या प्रश्नानं एकच गोष्ट वगळली जाते. 'ती एका हातात उचलता येते का?' यानं जगातला मोठा भाग बाजूला होतो. पहिले दहा प्रश्न असे पसरट ठेवा.

डोकं लढवायची आवड असेल तर चार आकड्यांचं कुलूपही खेळा. एकानं चार वेगवेगळे आकडे मनात धरायचे, दुसऱ्यानं अंदाज पाठवायचा. गुप्त संख्या ४०७२ आणि अंदाज २०७९ असेल तर उत्तर येईल: दोन जागेवर, एक भटका (म्हणजे आकडा बरोबर, जागा चुकीची). एकूण शक्यता ५,०४०, पण नीट विचार केला तर सात अंदाजांत कुलूप नक्की उघडतं. मला या खेळाचं विशेष वाटतं ते असं की मधे अर्धा दिवस गेला तरी काही बिघडत नाही. मनात आकडेमोड चालू राहते, आणि त्यासोबत ती व्यक्तीही.

फुल्ली-गोळा टाळा. दोघंही नीट खेळले की तो कायम बरोबरीत सुटतो. त्यापेक्षा दहा बाय दहाच्या चौकटीत प्रत्येकी पाच जहाजं लपवा, ५, ४, ३, ३ आणि २ घरांची, आणि एकेका घराचं नाव सांगून समोरच्याची जहाजं शोधा. रोज एकेक नेम धरला तरी हा डाव कित्येक आठवडे पुरतो.

९. दोघांनी एकाच वेळी उत्तर द्यायचं असेल तर? एकाचं आधी दिसतं आणि दुसरा बदलतो.

हा प्रश्न दिसतो त्यापेक्षा खोल आहे. संगणकशास्त्रज्ञ मॅन्युएल ब्लुम यांनी १९८१ साली फोनवरून नाणेफेक कशी करावी यावर निबंध लिहिला. त्यांनी घेतलेलं उदाहरण असं: नुकताच घटस्फोट झालेलं जोडपं वेगवेगळ्या शहरांत राहतं, आणि गाडी कोणाला मिळणार हे फोनवर नाणं उडवून ठरवायचं आहे. दोघांचा एकमेकांवर विश्वास नाही. उपाय असा की आपलं उत्तर आधी कुलूपबंद करून द्यायचं, म्हणजे समोरच्याला ते वाचता येत नाही आणि आपल्यालाही बदलता येत नाही.

तुमच्यात विश्वास आहे, त्यामुळे गणित लागणार नाही. पहिल्यानं उत्तर आवाजी संदेशात पाठवायचं. दुसऱ्यानं ते न ऐकता आपलं उत्तर लिहून पाठवायचं, मग ऐकायचं. व्हॉट्सअॅपवर आवाजी संदेश ऐकला की माइकची खूण निळी होते, त्यामुळे आधी ऐकला का ते कळतं. दुसरी पद्धत: आपलं उत्तर आधी स्वतःलाच मेसेज करून ठेवा आणि नंतर त्याचा स्क्रीनशॉट पाठवा. त्यावर वेळ असते, आणि मजकूर बदलला असेल तर तशी नोंदही दिसते. दगड-कागद-कात्रीपासून 'आज रात्री कोणता चित्रपट' पर्यंत सगळीकडे हे चालतं.

१०. ते प्रसिद्ध ३६ प्रश्न मेसेजवर विचारले तर चालतात का?

चालतात, पण घाई नको. मानसशास्त्रज्ञ आर्थर अॅरन आणि सहकाऱ्यांनी १९९७ साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात अनोळखी माणसांच्या जोड्या समोरासमोर बसून तीन टप्प्यांत हे प्रश्न एकमेकांना विचारत होत्या. टप्प्यागणिक प्रश्न अधिक खासगी होत जातात. या सगळ्याला साधारण ४५ मिनिटं दिली होती. जवळीक वाढली ती एकानं सांगितल्यावर दुसऱ्यानंही तितकंच सांगण्यातून. यादीत जादू नाही.

मेसेजवर दिवसाला एक प्रश्न घ्या आणि ज्यानं विचारला त्यानंही उत्तर द्यायचंच, असा नियम ठेवा. शेवटच्या टप्प्यातले प्रश्न प्रत्यक्ष भेटीसाठी राखून ठेवावेत असं मला मनापासून वाटतं. तिथे समोरच्याचा चेहरा दिसायला हवा.

११. मेसेज वाचलेला दिसतो, पण चाल येत नाही. राग येतो.

निळ्या खुणेचा अर्थ 'वाचलं' एवढाच. 'आता मोकळा आहे' असा नाही. चांगली चाल सुचायला वेळ लागतो, आणि गाडी चालवताना किंवा कामाच्या बैठकीत उत्तर येऊच नये. दोन गोष्टी आधी ठरवा: चालीला किती वेळ द्यायचा (मी एक दिवस सुचवते) आणि तो उलटला तर काय. माझा नियम असा की डाव आपोआप संपतो आणि कोणीच हरत नाही. 'कुठे आहेस? खेळायचं नाही का?' असे मेसेज एकामागोमाग गेले की खेळाची हजेरी होते.

१२. माझा जोडीदार एका शब्दात उत्तर देतो. 'हो', 'माहीत नाही', अंगठा. त्याला नकोच असेल का?

असेलही. पण आधी खेळाचा प्रकार बदलून बघा. सगळ्यांना लिहायला आवडत नाही. अशा माणसाला आकड्यांचं कुलूप (प्रश्न ८) किंवा फोटोचा खेळ द्या: 'आत्ता तुझ्या नजरेसमोर असलेल्या सगळ्यात निळ्या वस्तूचा फोटो पाठव.' बोलका माणूस असेल तर आवाजी संदेश चालतील. हे सगळं करूनही अंगठाच येत असेल तर एकदा सरळ विचारा, आणि 'मला हे आवडत नाही' हे उत्तर जसं येईल तसं घ्या. त्यानं नातं उणं होत नाही.

१३. गुण मोजावेत का? आमच्यात नेहमी तीच जिंकते.

एका डावापुरते मोजा, महिनाभराची बेरीज ठेवू नका. एकजण सतत जिंकत असेल तर त्याला बंधन घाला: शब्दसाखळीत फक्त तीन अक्षरी शब्द, वीस प्रश्नांऐवजी बारा. आपल्याकडे कच्च्या लिंबूला सवलत देतात. इथे पक्क्यालाच ओझं द्यायचं. कच्चं म्हटलेलं मोठ्या माणसाला लागतं.

आणि रडीचा डाव? इंटरनेटवर शोधून उत्तर दिलं, मेसेज पुसून बदलला, असं झालं की बहुतेकदा खेळ फार अवघड झालेला असतो. आधी तो सोपा करा, आरोप नंतर.

१४. हरणाऱ्याला शिक्षा काय द्यावी?

पाच मिनिटांत होणारी, कोणासमोरही न करावी लागणारी, आणि जिंकणाऱ्याला ऐकायला गोड वाटेल अशी. बेसूर का असेना, एक कडवं गाऊन पाठवणं. आपल्या पहिल्या भेटीचं वर्णन क्रिकेट समालोचनासारखं करणं. स्टेटसवर काहीतरी लावणं, घरच्यांना फोन करणं, पैसे देणं, हे नको. शिक्षेत तिसरा माणूस आला की खेळ दोघांचा राहत नाही.

१५. आम्ही वेगवेगळ्या देशांत आहोत, वेळेत साडेनऊ तासांचा फरक आहे. कोणता खेळ?

हा फरक तुमच्या बाजूनं आहे. एकानं झोपण्याआधी चाल टाकायची, दुसऱ्याला ती उठल्यावर मिळते. जहाजांचा खेळ आणि दिवसाला एक वाक्य ही गोष्ट यासाठी उत्तम. एक खास सांगते: 'तुझ्या खिडकीतून आत्ता काय दिसतं' हे एकानं शब्दांत लिहायचं, दुसऱ्यानं कागदावर काढून फोटो पाठवायचा. चित्र चुकीचं येतं आणि नेमकी तिथेच गंमत असते. झटपट उत्तरांचे खेळ मात्र सुट्टीच्या दिवसासाठी ठेवा. झोप मोडून खेळलेला डाव दुसऱ्या दिवशी चिडचिड घेऊन येतो.

१६. लग्नाला पंधरा वर्षं झाली, एकाच घरात राहतो. आम्हाला याचा काय उपयोग?

तुम्हालाच जास्त. घरात समोरासमोर बोलताना कामं मधे येतात, मुलं मधे येतात. फोनवर मात्र दोघांचा एक बंद कोपरा असतो. जुन्या जोडप्यांसाठी माझा आवडता खेळ म्हणजे भाकीत: सकाळी एक वाक्य पाठवायचं, 'आज तू चारच्या सुमारास अमुक म्हणशील.' संध्याकाळी ताळा करायचा. इतक्या वर्षांनी अंदाज बरोबर येतात, आणि जो चुकतो तोच लक्षात राहतो. एकाच खोलीत बसून, चारचौघांत, तोंडानं काहीही न बोलता खेळायलाही हरकत नाही. फक्त बाकीचे तुमच्याशी बोलत असताना नको.

१७. भांडण चालू आहे. खेळाचा मेसेज पाठवून वातावरण हलकं करू का?

भांडण कशाचं आहे त्यावर अवलंबून. ओल्या टॉवेलवरून असेल तर पाठवा. कोणी दुखावलं गेलं असेल तर नाही. दुखावलेल्या माणसाला त्या क्षणी खेळ म्हणजे 'तुझं दुखणं मला महत्त्वाचं वाटत नाही' असं ऐकू येतं. आधी ते बोलून घ्या. अर्धवट राहिलेला डाव असेल तर 'टाइम प्लीज' एवढंच पाठवा. पाठ फिरवलेली नाही, हे त्यातून पोचतं.

१८. 'मी कधीच अमुक केलं नाही' (एकानं न केलेली गोष्ट सांगायची, दुसऱ्यानं ती केली असेल तर कबूल करायचं) खेळताना जुन्या नात्याचा विषय निघाला आणि सगळं बिघडलं. आता?

आता खेळ बंद आणि फोन उचला. लिहिलेल्या वाक्याला आवाज नसतो, त्यामुळे 'हो, एकदा' या दोन शब्दांत वाचणारा आपल्या भीतीचा सूर भरतो.

पुढच्या वेळी सुरू करण्याआधी दोघांनी एकेक बंद दार सांगायचं: 'या विषयावर खेळात नको.' कारण विचारायचं नाही. आणि खेळात कळलेली गोष्ट पुढच्या भांडणात हत्यार म्हणून वापरायची नाही. एकदा वापरलीत की समोरचा यापुढे खरं सांगणार नाही, खेळातही आणि एरवीही.

१९. खट्याळ, चावट खेळ चालतात का? मर्यादा कुठे?

दोघंही प्रौढ असतील आणि दोघांनाही हवं असेल तर तो तुमचा आनंद आहे. पण आधीचा होकार आजचा होकार नसतो. दरवेळी एक साधं 'मूड आहे का?' विचारा. उत्तर आलं नाही तर ते 'नाही' धरा.

शब्दांचं आणि फोटोंचं गणित वेगळं आहे. 'एकदाच दिसणारा' फोटो दुसऱ्या फोनच्या कॅमेऱ्यानं टिपता येतो. मेसेज वाटेत कुलूपबंद असले तरी फोनच्या बॅकअपला वेगळं कुलूप लावावं लागतं. पडद्यावर येणाऱ्या सूचनेत पहिली ओळ कोणालाही वाचता येते, ती बंद ठेवा. फोटोसाठी आग्रह, रुसवा, 'प्रेम असेल तर पाठवशील' असं आलं तर तो खेळ नाही, दबाव आहे. आणि दोघांपैकी कोणीही अठराच्या आत असेल तर असे फोटो काढूही नका, पाठवूही नका. अनेक देशांत तो गंभीर गुन्हा आहे.

२०. ऑनलाइन नुकतीच ओळख झाली आहे. प्रश्नोत्तरांचे खेळ खेळण्यात काही धोका?

प्रश्न नीट वाचा. पहिली शाळा कोणती, पाळलेल्या प्राण्याचं नाव काय, आईचं माहेरचं आडनाव काय, लहानपणी कुठल्या गल्लीत राहायचास. हे सगळे गोड प्रश्न आहेत आणि हेच प्रश्न खात्याचा पासवर्ड विसरल्यावर ओळख पटवायला विचारले जातात. नव्या ओळखीत कल्पनेचे खेळ खेळा: गोष्ट, म्हणी, 'हे की ते'. माणूस त्यातूनही कळतो. समोरून वारंवार माहितीकडेच खेचलं जात असेल तर थांबा.

२१. उत्तरं एआयकडून लिहून घेतली तर चालेल का? मला सुचत नाही.

प्रश्न, नवे विषय, कोडी यांसाठी खुशाल मदत घ्या. उत्तर मात्र तुमचंच हवं. खेळ कशासाठी चालला आहे? तुमच्या डोक्यात काय येतं ते तिला बघायचं आहे. 'मला काहीच सुचत नाहीये, बाहेर पाऊस आहे आणि तू आठवतेस' हे तिला तयार चार ओळींपेक्षा जास्त हवं असतं. लपवून वापरलंत आणि नंतर कळलं, तर मागची खरी उत्तरंही संशयात येतात.

२२. जोडीदाराला दिसत नाही, स्क्रीन रीडर वापरतो. काय खेळता येईल?

जवळजवळ सगळं. स्क्रीन रीडर इमोजीचं नाव वाचून दाखवतो, त्यामुळे म्हणींचा खेळ त्याच्यासाठी नावांचं कोडं होतो. मात्र एकच इमोजी दहा वेळा पाठवू नका, ते दहा वेळा वाचलं जातं. चिन्हांनी काढलेल्या चौकटी टाळा. जहाजांच्या खेळात 'ग ७' असं शब्दांत लिहिलं की झालं. आवाज ओळखण्याचा खेळही जोडा: आसपासचा पाच सेकंदांचा आवाज पाठवायचा आणि जागा ओळखायची. कदाचित त्यात तोच जिंकेल. गुणांचं प्रश्न १३ मध्ये पाहा.

२३. एकाकडे इंटरनेट नसतं, फक्त साधा एसएमएस. जमेल?

जमेल, पण मराठीत लिहिताना लांबीवर लक्ष ठेवा. एका एसएमएसमध्ये इंग्रजी १६० खुणा मावतात, देवनागरी फक्त ७०, आणि काना-मात्राही त्यात मोजल्या जातात (प्रश्न ५ मधलं 'प्रेमपत्र' आठवा). त्यापुढे मेसेज दोन तुकड्यांचा होतो. आकड्यांचं कुलूप, जहाजं, वीस प्रश्न इथे मस्त चालतात. किंवा मर्यादेलाच नियम करा: सत्तर खुणांत आजचा दिवस.

२४. जुने डाव जपून ठेवावेत का?

गोष्ट लिहीत असाल तर नक्की. व्हॉट्सअॅपवर आपोआप पुसले जाणारे मेसेज सुरू केलेले असतील तर २४ तास, ७ दिवस किंवा ९० दिवसांत तिचा आरंभ नाहीसा होतो, आणि तो गेल्याचं लक्षात येतं तेव्हा उशीर झालेला असतो. महिन्यातून एकदा वाक्यं वहीत उतरवून घ्या. आमच्याकडे ते काम हरणाऱ्याचं असतं. चावट डाव आणि प्रश्न १८ मधल्यासारखे कबुलीजबाब मात्र पुसले गेलेलेच बरे, आणि ते दोघांच्याही फोनवरून. कोणाला काय ठेवायचं आहे ते विचारून घ्या. ती ज्या ओळीवर हसली होती ती तिला हवी असेल, तुम्हाला आठवतही नसेल.